ओसरीवरच्या गोष्टी : मुरुडची बखर आणि मंडलिक वकील



तुमच्या घरात माळ्यावर, नाहीतर धान्याच्या कोठीमागे, एखादी पत्र्याची पेटी आहे का? बहुतेक घरांत असते. तिच्यात आजोबांची पावतीबुके, जुने सारे भरल्याच्या चिठ्ठ्या, कुणाची तरी जन्मपत्रिका आणि पिवळे पडलेले काही कागद असतात. ते कागद घरात कुणालाच वाचता येत नाहीत. अक्षर मोडी असते, नाहीतर उर्दू. दिवाळीच्या साफसफाईत सून विचारते, "मामंजी, ह्यांचं काय करू?" आणि मामंजी म्हणतात, "राहू दे गं, असतील कामाचे." असे म्हणत म्हणत तीन पिढ्या जातात. मग एक पावसाळा असा येतो की वाळवीच सगळे वाचून संपवते.

आज एका अशा माणसाची गोष्ट सांगायची आहे, ज्याने आपल्या गावचा असा जुना कागद उचलला आणि मुंबईच्या विद्वानांच्या सभेपुढे नेऊन ठेवला. धंद्याने तो वकील. कायदे कौन्सिलात बसणारा पुढारी. इतिहास हा त्याचा छंद, पण छंदात दम होता. त्याचे नाव रावसाहेब विश्वनाथ नारायण मंडलिक.

मंडलिक कोकणातले. १८३३ साली रत्नागिरी जिल्ह्यातल्या मुरुड गावी जन्मले. मुरुड म्हटले की आपल्या मराठवाड्यातल्या माणसाला लातूरजवळचे मुरुड आठवते. हे ते नव्हे, आणि जंजिऱ्याचेही नव्हे. हे दापोली तालुक्यातले, समुद्राच्या काठचे. नारळी-पोफळीच्या वाड्या, मधून सरळ रस्ता, दोन्ही बाजूंना घरे, घरामागे बाग, आणि गावची देवी दुर्गा. महर्षी धोंडो केशव कर्वे ह्याच गावचे. लहानशा गावाने दोन मोठी माणसे दिली. त्या दोघांचे रस्ते मात्र वेगळे होते. ते पुढे येईलच.

मंडलिकांचे शिक्षण आधी रत्नागिरीला आणि मग मुंबईच्या एल्फिन्स्टनमध्ये झाले. त्या काळी इंग्रजी शिकलेल्या तरुणाला सरकारी नोकरीचे दार उघडे असे. मंडलिकांनीही निरनिराळ्या खात्यांत नोकरी केली. पण १८६२ साली मुंबईत हायकोर्ट उघडले आणि त्यांनी नोकरी सोडून वकिली धरली. त्या धंद्यात ते असे रुळले की पुढे सरकारचे वकीलपद त्यांच्याकडे चालून आले. १८६४ पासून 'नेटिव्ह ओपिनियन' नावाचे पत्र त्यांनी चालवले. एल्फिन्स्टनसाहेबाचा हिंदुस्थानचा इतिहास मराठीत आणला. मुंबईच्या नगरपालिकेत बसले, तिचे अध्यक्षही झाले. १८७४ पासून मुंबईच्या गव्हर्नराच्या कायदे कौन्सिलात होते आणि १८८४ ते १८८७ ह्या काळात थेट व्हाइसरॉयच्या कौन्सिलात. १८८९ साली वारले, तेव्हा वय छप्पन. एवढ्या आयुष्यात एवढी कामे! आपल्याला एक विहिरीचे खोदकाम पुरे करायला तीन उन्हाळे लागतात.

असो. आता त्या कागदाकडे वळू.

मुंबईत रॉयल एशियाटिक सोसायटीची शाखा होती. साहेब लोक आणि आपल्याकडचे शिकलेले लोक तिथे जमत, जुने शिलालेख, ताम्रपट, नाणी ह्यांवर निबंध वाचत. मंडलिक तिथले नेमाने लिहिणारे सभासद. महाबळेश्वरच्या देवस्थानावर त्यांनी लिहिले, संगमेश्वरच्या माहात्म्यावर लिहिले, वलभीच्या ताम्रपटांवर लिहिले. आपल्या गोदावरीकाठच्या माणसाला जवळचे वाटेल असेही एक आहे : पैठणचा शालिवाहन आणि त्याच्या नावाने चालत आलेली ती सातशे प्राकृत गाथांची पोथी. तिच्यावरही ह्या कोकणच्या वकिलाने निबंध लिहिला. त्या गाथांत शेते आहेत, राखण करणाऱ्या पोरी आहेत, गोदेचा काठ आहे. दीड-दोन हजार वर्षांपूर्वीची आपलीच शिवारे म्हणा ना.

पण ह्या सगळ्यांत मला महत्त्वाचा वाटतो तो १८६० च्या दशकातला निबंध, त्यांच्या स्वतःच्या मुरुड गावावरचा. गाव कसे वसले हे सांगणारा एक जुना कागद मुरुडात होता. त्याला मुरुडची बखर म्हणतात. बखर म्हटले की आपल्याला पानिपताची नाहीतर भाऊसाहेबांची आठवते, लढाया, घोडे, तोफा. ही बखर तशी नव्हे. हिच्यात कुणी कुणाचे मुंडके उडवत नाही. दक्षिणेकडून, कर्नाटकाच्या अंगाने, गंगाधरभट नावाचा एक सत्पुरुष शिष्यांना घेऊन येतो. जवळच्या आसूद गावी राहतो. मग समुद्रकाठची रानवट जागा निवडून तिथे नवे गाव वसवायचे ठरवतो. रान तोडायचे, रस्ता आखायचा, घरांना आणि बागांना जागा वाटून द्यायच्या, देवीची स्थापना करायची, कुटुंबे आणून बसवायची. गावाचा कारभार कसा चालावा हेही घालून द्यायचे. असा सगळा मजकूर.

इंग्रजी शिकलेल्या त्या वेळच्या लोकांना राजांच्या वंशावळीत गोडी होती. एका खेड्याची जागा कशी वाटली गेली ह्यात कोण लक्ष घालणार? मंडलिकांनी घातले. त्यांनी तो कागद तपासला, त्यावर आपली निरीक्षणे लिहिली आणि सोसायटीच्या पुस्तकात छापून आणला. म्हणूनच तो आज शिल्लक आहे. छापला नसता तर मुरुडच्या खाऱ्या, दमट हवेत त्या कागदाचे काय झाले असते ते कोकणातल्या माणसाला सांगायला नको.

शेतकऱ्याच्या नजरेने बघा. गावाचा पहिला कागद म्हणजे काय असते? शिवाची हद्द कुठली, पाण्याची वाट कुठली, गावठाण कुठे, गायरान कुठे, देवाची जमीन कुठली, कुणाचा हिस्सा किती. आज आपण बांधावरून कोर्टात जातो, एकेक दावा पंधरा-वीस वर्षे चालतो, बापाने लावलेला नातू चालवतो. अशा वेळी शंभर वर्षांपूर्वीचा एखादा नकाशा नाहीतर वाटणीपत्र निघाले तर दोन तारखांत निकाल लागतो, हे तालुक्याच्या कोर्टात बसलेल्या कुठल्याही वकिलाला विचारा. मंडलिक स्वतः वकील होते, त्यांना जुन्या कागदाची किंमत बाजारभावाने ठाऊक होती.

वकिलीतले त्यांचे सगळ्यात मोठे काम १८८० साली बाहेर पडले. 'व्यवहारमयूख' नावाचा संस्कृत ग्रंथ आणि त्यासोबत याज्ञवल्क्यस्मृती, मूळ आणि इंग्रजी भाषांतर. तुम्ही म्हणाल, संस्कृत पोथीशी आमचा काय संबंध? संबंध असा, की त्या काळी हिंदूंच्या वाटण्या, दत्तक, वारसा ह्यांचे निकाल अशा ग्रंथांवरून होत. आणि मुंबई बेटात, गुजरातेत आणि उत्तर कोकणात ह्या मयूखाला फार मान होता. हा ग्रंथ लिहिणारा नीलकंठभट्ट सतराव्या शतकात काशीत राहत होता. पण त्याचे घराणे मूळचे कुठले? पैठणचे! त्याच्या पणज्याने, रामेश्वरभट्टाने, पैठण सोडून काशी गाठली आणि पुढच्या पिढ्यांनी तिथे विद्वत्तेची गादीच घातली. म्हणजे आपल्या गंगाखेडच्या घाटावरून जे पाणी वाहते त्याच पाण्याच्या वरच्या अंगाचे हे घराणे. मुंबईचे गोरे न्यायाधीश गुजराती व्यापाऱ्याच्या घराची वाटणी ठरवत होते ती गोदाकाठच्या एका घराण्याच्या पोथीवरून.

ह्या मयूखात एक गोष्ट होती, ती आपल्या आयाबहिणींनी कान देऊन ऐकण्यासारखी आहे. माणूस निपुत्रिक वारला, बायको, मुलगी, आईबाप, भाऊ, पुतणे, आजी ह्यांपैकी कुणीच मागे राहिले नाही, तर मालमत्ता कुणाकडे? हिंदुस्थानच्या बऱ्याच भागांत ती दूरच्या भाऊबंदाकडे जाई. सख्खी बहीण दारात उभी असली तरी तिला कुणी विचारत नसे. मयूख म्हणतो, बहीण त्याच घरात जन्मली आहे, तिला वारसा आहे. ह्यामुळे मुंबई इलाख्यात बहिणीला वारसांच्या रांगेत जागा मिळाली. बाकी ठिकाणी ती मिळायला १९२९ चा कायदा यावा लागला. पुढे १९५६ चा वारसा कायदा आला, १९९४ साली महाराष्ट्राने आणि २००५ साली साऱ्या देशाने मुलीला वडिलोपार्जित जमिनीत मुलाबरोबरीचा हिस्सा दिला. कायदा एवढा पुढे गेला. आणि आपण? लग्न होऊन गेलेल्या लेकीला दिवाळीला बोलावतो, साडी नेसवतो आणि जाता जाता हक्कसोडपत्रावर अंगठा घेतो. ह्यावर जास्त लिहीत नाही. ज्याचे त्याने बघावे.

मंडलिकांनी नुसते पोथीचे भाषांतर करून हात झटकले नाहीत. पोथीत एक लिहिलेले असते आणि लोक वागतात दुसरेच, हे त्यांना कोर्टात रोज दिसत होते. म्हणून त्यांनी ग्रंथाला मोठ्या पुरवण्या जोडल्या आणि त्यांत लोकांच्या चालत आलेल्या रिती नोंदवल्या. दत्तकात बहिणीचा मुलगा चालतो का? शास्त्री म्हणती नाही. पण कितीतरी ठिकाणी लोक घेत होते, आणि घेत होते हे मंडलिकांनी लिहून ठेवले. मामाची मुलगी करणे पापच, असे काशीकडचा पंडित म्हणेल. आपल्याकडे तर मामाच्या मुलीवर भाच्याचा पहिला हक्क, न दिली तर रुसवाफुगवी. ह्या चालीचीही त्यांनी नोंद केली. पुढे कितीतरी दाव्यांत वकिलांनी मंडलिकांच्या पुस्तकाचे हवाले दिले. लोक काय करतात हे लोकांत बघूनच कळते, असा त्यांचा खाक्या. गावचा इतिहास लिहिणाऱ्याला हा गुण हवाच.

इथपर्यंत गोष्ट गोड आहे. आता कडू भाग.

कोकणात खोत नावाचा प्रकार होता. आपल्याकडे निजामाच्या राज्यात जहागीरदार, देशमुख, देशपांडे होते, तसा तिकडे खोत. सरकारचा सारा गावाकडून गोळा करून भरायची जबाबदारी त्याची. ही जबाबदारी वंशपरंपरेने चालत आली आणि बघता बघता खोत हा गावचा धनी होऊन बसला. कुळाने भात पिकवायचे आणि अर्धे खोताच्या कणगीत ओतायचे, ते अर्धेल. वरकस जमिनीवर नाचणी-वरी केली तर तिसरा हिस्सा, ते तिर्धेल. शिवाय खोताच्या शेतावर फुकटची वेठ, सणासुदीला कोंबडे, लाकूडफाटा. कुळाची जमीन कुळाची की खोताची, ह्याचा पत्ता कुळाला कधीच नसे.

१८६५ च्या मोजणीच्या कायद्यानंतर सरकारने रत्नागिरीत मोजणी लावली. मोजणी खात्याच्या साहेबांचा कल असा, की कुळांची नावे कागदावर चढवावीत आणि त्यांनी खोताला काय द्यावे हे बांधून टाकावे. खोत खवळले. कबुलायती लिहून द्यायला नकार, कोर्टकचेऱ्या, अर्जांवर अर्ज. वर्षानुवर्षे हा झगडा चालला. आणि ह्या झगड्यात खोतांच्या बाजूने सगळ्यात भारदस्त आवाज कुणाचा? रावसाहेब मंडलिकांचा. त्यांचे घराणेही खोतांपैकीच. कौन्सिलात ते खोतांसाठी बोलले, हक्क जुने आहेत, सरकारला ते मोडता येत नाहीत, असा त्यांचा पवित्रा. शेवटी १८८० साली खोती कायदा झाला. त्यात काही जुन्या कुळांना वहिवाटीचा हक्क मिळाला, त्यांच्या देण्याला मर्यादा पडली, पण खोती मात्र शाबूत राहिली. खोताच्या मर्जीवर नांगर धरणाऱ्या बाकीच्या कुळांच्या हाती फारसे काही लागले नाही.

आता विचार करा. ज्या माणसाला आपल्या गावचा जुना कागद जपावासा वाटला, लोकांच्या चालीरिती पोथीपेक्षा खऱ्या वाटल्या, त्याला भाताच्या शेतात गुडघाभर चिखलात उभा असलेला कुळवाडी का दिसला नाही? माझे उत्तर साधे आहे. खोताकडे सनद होती, बखर होती, महजर होता. कुळाकडे काय होते? पाठीवरचे वळ. कागद बघून हक्क ठरवायचे म्हटले की ज्याच्या घरी लिहिणारा आहे त्याचाच हक्क सिद्ध होणार. गावाच्या बखरीत जागा कुणाकुणाला वाटल्या त्यांची नावे असतात. त्या जागेवरचे रान ज्यांनी कुऱ्हाडीने तोडले त्यांची नावे नसतात. मंडलिक खोटे बोलले असे मी म्हणत नाही. त्यांनी हातातला कागद खरा मानला. कागदावर जे चढलेच नाही ते त्यांच्या हिशेबात आले नाही, आणि घरचा हितसंबंधही होताच. तो सुटायला फार मोठे मन लागते.

समाजसुधारणेतही त्यांचा हाच बाणा. बेहरामजी मलबारी ह्या पारशी गृहस्थाने १८८४ साली बालविवाह आणि विधवांचे हाल ह्यांवर सरकारने कायदा करावा अशी मोहीम काढली, तेव्हा मंडलिक विरुद्ध बाजूला. सरकारने आमच्या घरात हात घालू नये, समाज आपला आपण सुधारेल, असे त्यांचे म्हणणे. समाज आपला आपण कसा सुधारत होता ते त्यांच्याच गावात दिसले. १८९३ साली, म्हणजे मंडलिक वारल्यावर चार वर्षांनी, धोंडो केशव कर्व्यांनी विधवेशी लग्न केले आणि मुरुडने त्यांच्यावर बहिष्कार घातला. कर्व्यांच्या आईला, भावंडांना तो सोसावा लागला. पुढे त्याच कर्व्यांना १९५८ साली, वयाच्या शंभराव्या वर्षी, भारतरत्न मिळाले.

आणि खोती? ती हटायला आणखी सत्तर वर्षे गेली. कुलाबा जिल्ह्यात चरी आणि आसपासच्या गावांतल्या कुळांनी १९३३ पासून जमिनीच कसायच्या बंद केल्या. वर्षामागून वर्षे तो संप चालला. बायका रानातली लाकडे तोडून, विकून पोरे जगवत होत्या. नारायण नागू पाटील त्यांचे पुढारी. १९३७ साली डॉक्टर बाबासाहेब आंबेडकरांनी खोती रद्द करण्याचे बिल मुंबईच्या कायदेमंडळात मांडले आणि जानेवारी १९३८ मध्ये हजारो कुळांचा मोर्चा मुंबईत कौन्सिल हॉलवर गेला. बाबासाहेबही वकील, कौन्सिलातले, आणि जुन्या कागदांचा अभ्यास करणारे. धंदा तोच, जागा तीच, फक्त उभे होते बांधाच्या दुसऱ्या बाजूला. शेवटी १९४९ साली मुंबई सरकारने खोती संपवणारा कायदा केला.

आपल्याकडचा हिशेब वेगळा, पण सूर तोच. १७ सप्टेंबर १९४८ ला हैदराबाद संस्थान मोकळे झाले. १९४९ साली जहागिऱ्या गेल्या. १९५० साली कूळकायदा आला आणि संरक्षित कूळ हा शब्द आपल्या कानावर पडला. मग १९५४-५५ ला खासरा पाहणी झाली. मराठवाड्यातल्या जमिनीच्या कुठल्याही भांडणात आजही पहिला प्रश्न हाच असतो, "खासऱ्याला नाव कुणाचं हाय?" त्या साली तलाठी गावात आला तेव्हा ज्याचा आजा हजर होता, बोलला, नाव सांगितले, तो तरला. ज्याचा आजा ऊसतोडीला नाहीतर सालाने दुसऱ्या गावी होता, त्याचे नातू आजपर्यंत चपला झिजवत आहेत.

आपल्या गंगाखेडचेच बघा ना. गावाचे नाव देशभर पोचले ते कुणामुळे? इथल्या कुठल्या देशमुखामुळे नव्हे, किल्लेदारामुळे नव्हे. जनाबाईमुळे. नामदेवांच्या घरी दासी म्हणून राबलेली बाई. तिच्या नावे सात-बारा नव्हता, सनद नव्हती. तिचे शब्द बायकांनी जात्यावर बसून पहाटे पहाटे म्हटले, लेकीला दिले, लेकीने सासरी नेले, असे ते सातशे वर्षे टिकले. कागदाशिवाय टिकलेली ही नोंद. मंडलिकांसारखा अभ्यासू माणूस अशा बायकांजवळ बसला असता, तर मुरुडची दुसरी बखरही आपल्याला वाचायला मिळाली असती. खोताच्या घरी भात कांडणाऱ्या बाईला गावाविषयी पुष्कळ माहिती असते.

तरीही मंडलिकांचे उपकार मी विसरत नाही. कागद जपावा, छापावा, चारचौघांपुढे ठेवावा ही सवय त्यांनी घालून दिली. त्यांचा मोठा ग्रंथसंग्रह पुण्याच्या फर्ग्युसन कॉलेजात गेला आणि मंडलिक संग्रह म्हणून ओळखला गेला. मुंबईत कुलाब्याला त्यांच्या नावाचा रस्ता आहे. रस्त्यावरून जाणाऱ्या शंभरांतल्या नव्वद लोकांना हे कोण मंडलिक ते सांगता येणार नाही, पण ते तर सगळ्याच रस्त्यांचे आहे.

आणि जुना कागद ही नुसती पंडितांची चैन नाही, हे गेल्या दोन-चार वर्षांत आपल्या मराठवाड्याला पुरते कळले आहे. २०२३ साली सरकारने निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे ह्यांची समिती नेमली आणि निजामाच्या काळातल्या कुणबी नोंदी शोधायला सुरुवात झाली. तहसिलाची दप्तरे उघडली, शाळेची जुनी रजिस्टरे, जन्ममृत्यूच्या वह्या, महसुलाची पत्रके, सगळे बाहेर आले. आणि मग एकच हाका : मोडी वाचणारा कोण आहे? उर्दू, फारसी वाचणारा कोण आहे? ज्या लिपीला आपण म्हातारी म्हणून कोपऱ्यात बसवले होते, तिच्या दारात रांगा लागल्या. त्या मागणीविषयी तुमचे मत काहीही असो. एका ओळीच्या नोंदीवर नातवाचे ॲडमिशन अडू शकते, एवढे तर प्रत्येकाने डोळ्यांनी पाहिले.

म्हणून आता त्या पेटीबद्दल दोन कामाच्या गोष्टी सांगतो.

पेटी उघडायची ती कोरड्या दिवसांत, पावसाळ्यात नव्हे. कागद उन्हात वाळत घालू नका, कुरकुरीत होऊन घडीवर तुटतात आणि शाई उडते. सावलीत, घोंगडीवर किंवा सतरंजीवर, वाऱ्याने उडणार नाहीत असे पसरा. फाटलेल्या कागदाला चिकटपट्टी लावू नका. तिचा डिंक काही वर्षांनी पिवळा होतो आणि अक्षरे खातो. तालुक्याच्या दुकानात नेऊन लॅमिनेशन करण्याचा मोह तर मुळीच नको. गरम प्लास्टिकात अडकलेला कागद पुन्हा मोकळा होत नाही. आपले जुने लोक शहाणे होते, सुती रुमालात दप्तर बांधून ठेवत. तसेच करा. पेटी भिंतीला टेकवू नका, खाली दोन विटा घाला. वाळवी भिंतीतून येते, हे शेतकऱ्याला मी काय सांगावे. कपाटात असतील तर डांबरगोळ्या ठेवा, पण कागदाला लागून नको.

घरात शिकलेली मुले आहेत, त्यांच्या हातात मोबाइल आहे. एकेका कागदाचा दिवसाउजेडी फोटो काढायला लावा, पुढचा आणि मागचा. मागे बरेचदा साक्षीदारांची नावे असतात. फोटो एकाच फोनमध्ये ठेवू नका, लेकीच्या फोनमध्येही पाठवा. तिचाही आजा होता तो.

सन वाचता येत नाही म्हणून पुष्कळजण अडतात. शके असेल तर त्यात ७८ मिळवा. शके १८०० म्हणजे १८७८. फसली असेल तर ५९० मिळवा. फसली १३५७ म्हणजे १९४७-४८, आपले संस्थान मोकळे होण्याच्या अलीकडचे साल. वर्षाचा आरंभ निराळ्या महिन्यात होत असल्यामुळे एखाद्या सालाचा फरक पडतो, तेवढे धरून चाला. मोडी कागद असेल तर पुराभिलेख खात्याची कचेरी छत्रपती संभाजीनगरला आहे, तिथे चौकशी करा. मोडी शिकवण्याचे वर्गही अधूनमधून भरतात. दहावी-बारावी झालेल्या पोराला महिना-दीड महिन्यात लिपीची तोंडओळख होते. सरावाला मात्र वर्ष लागते. अनोळखी माणूस "वाचून देतो" म्हणाला तर मूळ कागद त्याच्या हाती सोडू नका, फोटो द्या.

आणि शेवटचे. कागद बघून झाले की घरात जी सगळ्यात म्हातारी बाई आहे, आजी असेल, चुलती असेल, तिच्याजवळ बसा. हे शेत आधी कोण करत होते, विहीर कुणी खोदली, कुठल्या दुष्काळात कोण घर सोडून गेले, १९७२ ला कुठल्या कामावर कोण खडी फोडत होते, विचारा. ती सांगेल ते एका शंभरपानी वहीत तारीख टाकून लिहा, आणि वही त्याच पेटीत, त्याच रुमालात ठेवा.